धोंडोपंत मुलगी बघायला जातात

समुद्राला अजून खारटपणाची सवय झाली नव्हती, तेव्हाची गोष्ट. प्रवाळांच्या वस्तीत धोंडोपंत नावाचे एक दगडमासे राहायचे. पाठीवर विषारी काटे, अंगभर शेवाळ, पण गर्व एकाच गोष्टीचा, की आपल्याला कुणी ओळखत नाही. दगड समजून कोळंबी जवळ आली की ते तिला गट्टम करायचे.

एकदा खेकडीण मावशीनं स्थळ आणलं. "अगदी तुमच्यासारखीच आहे हो! पांढऱ्या वाळूत बसलेली असेल, बघून या."

धोंडोपंत नटूनथटून, म्हणजे आणखी थोडं शेवाळ माखून गेले. वाळूत दोन दगड होते, एक डौलदार आणि एक ओबडधोबड. धोंडोपंत डौलदार दगडासमोर बसले आणि तीन दिवस स्वतःचं कौतुक सांगत राहिले. "मला आजवर कुणी ओळखलं नाही. मी मात्र आपलं माणूस शंभर दगडांतून ओळखतो!"

समोरून चकार शब्द नाही. इतकी लाजरी मुलगी त्यांना फारच आवडली.

चौथ्या दिवशी मागच्या ओबडधोबड दगडानं जांभई दिली. "अहो, त्या दगडाचा होकार आला की मला सांगा. तोवर मी जेवून घेते."

आणि धोंडोपंतांच्या नाकासमोरची कोळंबी तिनं गट्टम केली.