डेअरीच्या सर्व्हरचा राखणदार

एका गावात एक भोळा संगणकवाला होता. नाव जोतीराम, दूध डेअरीत कामाला. शहाण्याला शब्दाचा मार म्हणतात. इथं तो मार सांगणाऱ्यालाच बसायचा.

डेअरीत एक मोठा सर्व्हर होता. फुकट मिळणाऱ्या एका प्रणालीनं त्याच्या पोटात चार आभासी मशिनं, म्हणजे संगणकातलेच संगणक, थाटली होती. त्यातलंच एक बारा गावांच्या दुधाची टाकी थंड ठेवायचं. एकदा व्हायरस शिरला, टाकी तापली, दूध नासलं. मॅनेजर शेवाळेबाई हबकल्या.

"जोतीराम, पोटात पाचवं मशीन बसव, फायरवॉलचं. दारावरचा राखणदार म्हण. आधी सगळं येणंजाणं बंद ठेव."

"व्हय बाई." त्यानं सगळं बंद केलं. गावोगावचे दुधाचे आकडे बाहेर ताटकळले.

"आरं, ओळखीच्यांना तरी सोड!"

"व्हय बाई." त्यानं सोडलं. सगळ्यात आधी त्या व्हायरसला. आठ दिवस त्याच्याशी झुंजला होता, एवढी ओळख दुसऱ्या कुणाशी होती?

बाईंनी कपाळावर हात मारला. "यापुढं मला विचारल्याशिवाय काही सोडायचं नाही!"

दुसऱ्या दिवशी टाकी तापू लागली. धोक्याचा निरोप बाईंच्या फोनकडं निघाला. जोतीरामनं तो अडवला आणि सायकल मारत बाईंचं घर गाठलं.

"बाई, तुम्हाला एक निरोप आलाय. सोडू का?"

"कसला?"

"दुसऱ्याचा निरोप वाचणं बरं दिसतं का?"

बाई धावल्या म्हणून दूध वाचलं. धापा टाकत म्हणाल्या, "टाकी म्हणजे डेअरीचा जीव! जे महत्त्वाचं, ते राखणदाराच्या मागं ठेव!"

जोतीरामनं खूप विचार केला. टाकी चालवतो सर्व्हर, म्हणजे महत्त्वाचा तोच. मग सर्व्हरला हुकूम द्यायची वाट त्यानं राखणदाराच्या मागं नेली. सर्व्हरच्या खोलीचं संगणकी कुलूपही तिथंच नेलं.

दुपारी वीज गेली आणि आली. सर्व्हर उठला, पण पोटातली मशिनं हुकमाशिवाय उठेनात. टाकी तापायला लागली.

"राखणदाराला उठव की!" बाई ओरडल्या.

"हुकूम त्याच्याच दारातनं जातो बाई. दार तो उठल्यावर उघडंल."

"मग खोलीत जाऊन हातानं उठव!"

"कुलूपही तोच उघडतो."

बाई मटकन खाली बसल्या. डोळ्यांत पाणी आलं. "बारा गावांचं दूध नासतंय रे!"

जोतीरामनं त्यांना प्रेमानं धीर दिला. "नासलं तर नासू द्या बाई. चोरीला तर जात नाही ना!"