ताप लपवणारा घोडा

मुलांनो, माळावरच्या एका पागेत परगावचे घोडे सांभाळायला ठेवत असत. त्यांत एक पांढरा घोडा होता. जत्रेच्या मिरवणुकीत सर्वांत पुढे चालण्याचा मान त्याचा, त्यामुळे त्याचा तोरा मोठा. पागेतली वडीलधारी घोडी सगळ्यांना बजावत असे, "ज्याला ताप येईल, ज्याचे नाक वाहील, त्याने त्याच दिवशी सांगावे. ओढ्यापलीकडच्या छपरात राहावे आणि पाणीही वेगळे प्यावे."

जत्रा पंधरा दिवसांवर आली आणि पांढऱ्या घोड्याचे अंग तापले. जबड्याखाली गाठ आली. 'सांगितले तर मिरवणूक चुकेल,' असे वाटून तो गप्प राहिला. वाहणारे नाक गवताला पुसून तो सर्वांबरोबर एकाच हौदावर पाणी पीत राहिला.

आठवड्याभरात दोन घोडे खोकू लागले. "रोग बाहेरून आला! रोज गावातून गवत आणते ते गाढवच याचे मूळ!" असे म्हणून सगळे गाढवावर तुटून पडले.

"माझे नाक पाहा, कोरडे आहे. मला ताप नाही," गाढव काकुळतीने म्हणाले. कुणी ऐकले नाही. त्याला ओढ्यापलीकडे हाकलले. पांढऱ्या घोड्याला खरे ठाऊक होते, पण त्याने मान फिरवली.

मग सर्वांत लहान शिंगरू आजारी पडले. गळा इतका सुजला की त्याला आईचे दूधही गिळवेना. आई त्याला चाटत उभी होती. ते पाहून पांढऱ्या घोड्याला राहवेना. "गाढवाचा दोष नाही," तो कसाबसा बोलला. "पहिला ताप मला आला. मी लपवला."

वडीलधाऱ्या घोडीने हौदाचा बोळा दातांनी ओढला आणि सगळे पाणी सोडून दिले. आजारी घोडे ओढ्यापलीकडे निघाले. वाटेत, निरोप मिळून पागेकडे परतणारे गाढव भेटले.

"मला क्षमा कर," पांढरा घोडा म्हणाला.

"मला हाकलले, तेव्हा तुला खरे ठाऊक होते?"

"होते."

गाढव पागेच्या वाटेने चालू लागले.

जत्रा आली आणि गेली. घोडे बरे झाले, शिंगरूही वाचले. पण धावताना त्याच्या घशातून शीळ वाजे आणि दहा पावलांवर त्याला धाप लागे. ते असे थांबले की पांढऱ्या घोड्याची मान शरमेने खाली जाई.

तात्पर्य : आजार वेळीच सांगावा, लपवलेल्या आजाराची शिक्षा निरपराध्यांना भोगावी लागते.