तळवाडीचा घोट

एका राज्यात दुधाळी नावाची नदी होती, आणि राजधानीच्या खालीसुद्धा तिचं पाणी चांदीसारखं लखलखत असे. निदान राजधानीकरांना तरी तसं दिसे. नदीकाठच्या अगदी शेवटच्या गावाला, तळवाडीला, तेच पाणी काळंकुट्ट दिसे. तुम्ही म्हणाल, एकाच पाण्याला दोन रंग कसे? हौसाबाईलाही हाच प्रश्न पडला, म्हणून तर पुढचं सगळं घडलं.

ही हौसा राजाची पाणीचाखी. राज्याची रीतच होती. रोज सकाळी शहराच्या वरच्या अंगाला, राजघाटावर, हौसानं ओंजळभर पाणी प्यावं, डोळे मिटावेत आणि म्हणावं, "गोड आहे." की दवंडीवाला राज्यभर सांगत सुटे, पाणी गोड आहे हो! तीस वर्षं ती हेच म्हणत आली आणि एकदाही खोटं बोलली नाही. घाटाखालचं पाणी चाखायला तिला कुणी सांगितलं नव्हतं, आणि खरं सांगायचं तर तिनंही कधी विचारलं नव्हतं. तळवाडीची माणसं दोनदा घागरी घेऊन दरबारात आली होती. दरबाऱ्यांनी आत डोकावलं, त्यांना पाणी नितळ दिसलं. दवंडी ऐकू येत नाही काय, म्हणून त्यांची टर उडवली आणि त्यांना वाटेला लावलं.

हौसाची लेक बिजा तळवाडीला दिलेली. एके दिवशी तिचा निरोप आला, तीन वर्षांच्या मैनेला जुलाब लागलेत, काही केल्या थांबत नाहीत. हौसा पडत-धडपडत पोचली. पोरीचे डोळे खोल गेले होते, हाताला नुसती काडी लागत होती. हौसाच्या काळजाचं पाणी पाणी झालं. नदीचंच पाणी बाधलं, असं म्हणत बिजानं पेला पुढं केला. हौसाला ते स्वच्छ दिसलं.

"आई, तुला खरंच दिसत नाही?" असं म्हणून बिजा रडू लागली.

हौसानं घोट घेतला आणि तिची जीभ पोळल्यागत मागं सरली. नीळ, तेजाब, मोरी, सगळं त्या एका घोटात होतं. डोळा एक सांगतो आणि जीभ भलतंच! उभा जन्म पाणी चाखण्यात गेलेल्या बाईला हे कोडं कसं सुटावं? तिनं बिजाला बजावलं, पोरीला नदीचा थेंब द्यायचा नाही, डोंगरातल्या झऱ्याचंच पाणी उकळून द्यायचं. पण झरा आटत आला होता. फार तर दहा दिवस पुरला असता.

कुंपणावर एक खंड्या पक्षी बसला होता. "कोडं पडलंय तर विचार की," तो म्हणाला. हौसानं विचारलं. खंड्यानं सांगितलं, की शहराखालच्या डोहात काळभुज नावाचा मांत्रिक राहतो. राजाच्या पणजोबांनी त्याच्याकडे मागणं केलं, माझी नदी कधी मळकी दिसू नये. मांत्रिकानं तथास्तु म्हटलं. तेव्हापासून जो नदी मळवतो, त्याला मळ दिसत नाही. मांत्रिकानं बदल्यात कवडीही घेतली नाही. अहो, फुकटात मिळालेल्या गोष्टीत काहीतरी काळंबेरं असायचंच, एवढं त्या पणजोबा राजाला कळू नये?

"मग मला का दिसत नाही? मी काय मळवलं?"

"तुझ्या घरची मोरी कुठं जाते, बाई?"

मोरी नदीतच जात होती. हौसा मान खाली घालून डोहाकडे चालू लागली.

काळभुज कमरेइतक्या पाण्यात उभा होता, पायांत शेवाळाच्या बेड्या. आपणच घातलेल्या जादूनं तोही शंभर वर्षं तिथंच अडकला होता. तो म्हणाला, "घरोघरच्या मोऱ्या सोड, नदीला तीन मोठ्या तोंडांनी घाण मिळते. तिन्ही तोंडं शोध, चाख, आणि धन्याचं नाव सांग. तीन नावं खरी निघाली तर जादू कशी उतरते ते सांगेन. एक जरी चुकलं तरी तुझी जीभ माझी." जिभेवरच तिचं पोट होतं. तरी ती हो म्हणाली.

पहिलं तोंड एका दिवसात सापडलं. कडू नीळ, रंगारखान्याच्या मुकादमाची. दुसऱ्याला तीन दिवस लागले. दात आंबवणारं तेजाब, टांकसाळीच्या कारभाऱ्याचं. तिसरं काही सापडेना. त्याच्या शोधाच्या पाचव्या दिवशी एका कोरीव हत्तीच्या सोंडेतून पाणी पडताना दिसलं. वरवर केशर, तूप, अत्तर. खालून शौचकूप. हौसानं ती चव दोनदा घेतली. खात्री असूनही मनाला पटेना.

डोहाशी येऊन तिनं दोन नावं घेतली. तिसरं घ्यायला ती कचरली. पण मैनेचे ते डोळे आठवले आणि ती म्हणाली, "राजा."

"बरोबर," काळभुज म्हणाला. "राजानं तळवाडीत जाऊन स्वतःच्या ओंजळीनं घोट घ्यावा. त्याच्या जिभेला कळलं की सगळ्यांचे डोळे उघडतील."

दुसऱ्या दिवशी सकाळी हौसा राजघाटावर पाणी प्यायली आणि म्हणाली, "इथं गोड आहे. तळवाडीत विष आहे." दवंडीवाल्याची टिपरी हातातच राहिली. तिला राजा रत्नकेतूपुढं उभं केलं.

"आम्हांला तर नदी निर्मळ दिसते," राजा म्हणाला.

"मलाही दिसते, महाराज. म्हणून तर चाखायला चला म्हणते. माझी नात मरायला टेकलीय."

राजा तसा वाईट नव्हता. त्यालाही नवल वाटलं, आणि तो पालखीत बसून निघाला. तळवाडीच्या घाटावर त्यानं ओंजळ भरली आणि तोंडाला लावली. त्याचा चेहरा वेडावाकडा झाला, पण घोट त्यानं गिळला. त्याच क्षणी राजधानीपासून तळवाडीपर्यंत नदी सर्वांना काळी दिसू लागली.

तुम्हाला वाटेल, लोक नदी साफ करायला धावले असतील. छे! धावले ते थेट डोहाकडे. हे बघवत नाही, पूर्वीसारखं करा, म्हणून त्यांनी मांत्रिकाला गळ घातली. जादू उतरल्यानं डोहातून सुटलेला काळभुज पायांतल्या बेड्या ओढत तळवाडीला राजासमोर आला. "पुन्हा झाकू, महाराज? याही वेळी फुकट."

राजानं हौसाकडे पाहिलं. तिच्या मांडीवर मैना निपचित पडली होती.

"नको," राजा म्हणाला. "दिसू दे."

काळभुजाच्या बेड्या गळून पडल्या. शंभर वर्षांचा थकलेला तो म्हातारा राजाला हात जोडून डोंगराकडे निघून गेला.

त्याच दिवशी राजवाड्याचं तोंड पहिलं बंद झालं. डोंगरापलीकडच्या विहिरींचं पाणी रोज गाड्यांनी तळवाडीला येऊ लागलं, आणि महिन्याभरात मैना उठून बसली. रंगारखान्याच्या आणि टांकसाळीच्या पाण्याला खड्ड्यांत निवळावं लागलं, वाळू-कोळशातून गाळून निघावं लागलं. घरोघरच्या मोऱ्या शोषखड्ड्यांकडे वळल्या. लोक कुरकुरले, पण नदी रोज डोळ्यांसमोर होती, करतात काय! तरी पुरी चार वर्षं लागली. पाचव्या वर्षी सात वर्षांची मैना तळवाडीच्या घाटाच्या शेवटच्या पायरीवर बसली, ओंजळ भरली आणि आजीला न विचारताच पाणी प्यायली. हौसा घाईनं पायऱ्या उतरली. मैनेनं तोंड पुसलं आणि दुसरी ओंजळ भरली.

घोटाघोटानं सांगितलेली ही कहाणी इथं पोटभर झाली.