पत्र्याची कोंबडी

यंत्रं नुकतीच लाड करायला शिकली होती, त्या काळी चांदणी कोंबडीला एका काळजीने झोप येईना. उकिरडा उकरायला जाताना ती आपल्या पिल्लाला, ठिपकीला, पत्र्याच्या कोंबडीजवळ ठेवायची. ती पत्र्याची बया हुबेहूब चांदणीच्या आवाजात कुकुकू करायची, अन् कधी खेकसायची नाही. ‘मी तर ऊठसूट खेकसते. ठिपकी माझी राहील ना?’

एके दुपारी अंगणावर घार झेपावली.

"ठिपके, पंखाखाली ये!" चांदणी किंचाळली.

"दाणे टिप हं, राणी," पत्र्याची कोंबडी लाडात म्हणाली.

ठिपकी दाणे टिपत राहिली. चांदणीने धावत येऊन तिच्यावर अंग टाकलं. घारीची नखं पाठीत रुतली, तरी ती हलली नाही.

पंखाखालून ठिपकी कुरकुरली, "सोड ना मावशी, मला आईकडे जायचंय."