निळखिंडीतली चीर

“...आणि ही चीर मिटवणं तुमच्या हातून होत नसेल, तर इथं बसता तरी कशाला?”

चढ चढून त्र्यंबकला धाप लागली होती, तरी आवाजातली धार तशीच होती.

खिंडीत चूल मांडून बसलेल्या म्हाताऱ्या धुरपाआऊनं चुलीतलं लाकूड मागे ओढलं.

“येणाऱ्याला पाणी द्यायला,” ती म्हणाली आणि तांब्या पुढे केला.

त्र्यंबकनं पाणी घेतलं नाही. तो चिरेकडे बघत होता.

निळखिंडीच्या ऐन तोंडाशी, वाटेच्या वर, हवाच फाटली होती. जुनं लुगडं टरकावं तशी. फटीच्या पलीकडे दुसरंच आभाळ होतं, तांबूस, आणि भर दुपारी त्यात चांदण्या होत्या. खिंडीतला वारा सगळा तिच्यात शिरत होता. आसपासचं गवत तिच्याच बाजूला झुकून वाळलं होतं.

पूर्वी तिच्यातून हातही जात नव्हता म्हणे. आता बैल गेला असता. खिंडीखालच्या सोनवडीनं वरची शेतं केव्हाच सोडली होती, आणि या पावसाळ्यात चीर वाढली तर घरंही सोडावी लागणार होती. म्हणून गावानं माणसं पाठवून थेट मठातून त्र्यंबकला बोलावलं होतं. एवढा मोठा मांत्रिक त्या मुलखात दुसरा नव्हता.

“हिच्यातून हाका येतात, असं गावात ऐकलं,” तो म्हणाला.

“येतात. ज्याचं जे माणूस गेलं असेल, त्याच्या आवाजात.”

“मग?”

“मग काय... ऐकणारा धावत सुटतो. मी पदराला धरते, हाताला धरते. काही थांबतात.” आऊनं तांब्या खाली ठेवला. “काही नाही थांबत.”

“माझी काळजी नको. मी सगळे पाश तोडलेत. मला हाक मारणारं कुणी उरलेलं नाही.”

आऊनं त्याच्याकडे नीट पाहिलं.

“मग कठीण आहे, बाबा,” ती म्हणाली.

त्र्यंबकला ते लागलं. तो चिरेसमोर जाऊन बसला, डोळे मिटले आणि त्यानं मंत्र सुरू केला. त्याच मंत्रासाठी त्याची सारी तरणी वर्षं मठात गेली होती. आवाज खणखणीत होता. खिंडीच्या दोन्ही बाजूंचे कडे घुमू लागले.

चीर जराही हलली नाही.

त्यानं आवाज चढवला. आणि तेवढ्यात...

“अण्णा... कुठं आहेस?”

त्र्यंबकची जीभ अडखळली. त्यानं तोच चरण पुन्हा घेतला, आणखी मोठ्यानं.

“अण्णा, धुकं आहे रे... कुठं आहेस तू?”

कोवळा, नुकता फुटू लागलेला आवाज. त्र्यंबकनं दात आवळले. मंत्र चालू ठेवला. कपाळावरून घाम ओघळून डोळ्यांत उतरला, तरी तो म्हणतच राहिला. चिरेच्या कडा थरथरल्या आणि चर्रकन हातभर आणखी फाटल्या. वारा एकदम वाढला. आऊची चूल विझली. राख उडून चिरेत गेली.

“थांब!” आऊ ओरडली. “कोण बोलवतंय?”

“कुणी नाही!”

“तुझे पाय बघ.”

त्यानं खाली पाहिलं. तो उभा होता. केव्हा उठला, केव्हा पुढे गेला, त्याचं त्यालाच कळलं नव्हतं. चीर हाताच्या अंतरावर होती.

मागून आऊनं त्याचं उपरणं गच्च धरलं होतं. म्हातारीची बोटं पांढरीफटक पडली होती.

“कोण आहे?” तिनं पुन्हा विचारलं. या वेळी हळू.

“नारू,” तो म्हणाला.

कित्येक वर्षांत ते नाव त्याच्या तोंडून निघालं नव्हतं.

“धाकटा भाऊ माझा. याच खिंडीत... धुकं उतरलं होतं. तो हाका मारत होता, मी ओ देत होतो. घसा बसेपर्यंत दिली. मग त्याच्या हाका थांबल्या. आई त्या दुःखानं गेली. मी मठात गेलो.”

“त्याला ऐकू गेली का तुझी ओ?”

“नसेल गेली.”

“मग आता दे.”

“आऊ, मी बोललो तर आत ओढला जाईन.”

“मी धरलंय.”

त्र्यंबक होता तिथंच उभा राहिला. मंत्र त्याला आठवेना. शेजारच्या खोलीतल्या माणसाशी बोलावं, तसा तो साध्या आवाजात बोलला.

“नारू, इथं आहे रे मी.”

वारा पडला.

“अण्णा... ये ना.”

“येत नाही, बाळा. मला नाही येता यायचं. पण मी इथंच आहे. ऐकतोयस ना? इथंच आहे.”

पलीकडे कुणीतरी श्वास सोडला. लांब, सुटल्यासारखा.

मग चीर खालून वर मिटत गेली. चांदण्या एकेक करून दिसेनाशा झाल्या. शेवटी खिंडीत नुसतं ऊन राहिलं, आणि झुकलेलं गवत.

त्र्यंबक मटकन खाली बसला आणि रडला. आऊ त्याच्या पाठीवर हात ठेवून बसून राहिली.

उन्हं कलली तेव्हा त्यानं विचारलं, “एवढंच करायचं होतं, तर तुम्ही का नाही केलंत?”

“ज्यांना हाक आली, ते धावले नाहीतर कान झाकून पळाले; उभं राहून ओ कुणी दिली नाही. मला तर तिच्यातून कधी हाक आलीच नाही.”

“तुमचं कुणी हरवलं नाही?”

“हरवायला आधी कुणी असावं लागतं.”

त्र्यंबक तांब्या उचलून पाणी प्यायला. मग उठून हात पुढे केला.

“चला, आऊ. खाली गावात चला. आता इथं राखायला काही राहिलं नाही.”

आऊनं तो हात हातात घेतला, थोपटला आणि सोडून दिला. ती चिरेच्या जागेसमोर सरकून बसली.

“तू हो पुढे,” ती म्हणाली. “पलीकडेही कुणी असंच एकटं बसलं असेल. त्याला वाटायला नको, इकडचं माणूस उठून गेलं.”