बोलणीची खिंड

सांजवड्याच्या वर जी खिंड आहे, तिथं वाटेच्या कडेला एक सपाट धोंडा आहे, आणि त्या धोंड्यावर दिवसभर गावातली कोणी ना कोणी बाई उभी असते. वाटसरू दिसला की ती त्याला बोलायला लागते. "चाल की रे, पाय मोडलेत का? घरी कोणी वाट बघत नाही का तुझी?" पाहुण्यांनी राग मानू नये. समोर उतारावर निळसर जाळी पसरली आहे, तिचं नाव रेंगाळी. दिसते वेलीसारखी, पण तिला मूळ नाही. ऊब असेल तिकडे ती सरकते. तिच्या सावलीत माणसानं एक श्वास घेतला, की बाहेर एक दिवस सरतो. या बोलण्याची सुरुवात हौसापासून झाली, असं सांगतात.

हौसा ही धाकोजीची बायको. धाकोजी खिंडीपलीकडून बैलावर मीठ आणायचा. माणूस वाईट नव्हता. दारू नाही, मारहाण नाही. फक्त चढण चढून आला की दम खायला रेंगाळीच्या सावलीत टेकायचा. घरी उगवायचा आठ-नऊ दिवसांनी, हसत. "आत्ता तर टेकलो होतो गं!" आणि ते खरंही असायचं, हाच हौसाचा मोठा वैताग. खोटं बोलणाऱ्याशी भांडता तरी येतं. मुलीच्या बारशाला तो नव्हता. आईला खांदा द्यायला नव्हता. भात झोडून कणगीत पडला की हा दारात उभा, कापणी कधी धरायची म्हणून विचारत. एकदा तर त्याला डुलकी लागली आणि तो दोन वर्षांनी आला. असं करता करता हौसाचे केस पिकले, त्याची मिशी मात्र काळीच राहिली. एके दिवशी कासारीण बांगड्या भरता भरता म्हणाली, "थोरला का हो हा तुमचा?"

हौसानं त्याच दिवशी कोयत्याला धार लावली. उद्या रेंगाळी मुळासकट, म्हणजे मूळ नसलं तरी, उपटायचीच.

पण सकाळी मैनेला कळा सुरू झाल्या. मैना तिची एकुलती एक लेक, बाळंतपणाला आलेली. मूल आडवं होतं. गावातल्या म्हाताऱ्यांनी हात टेकले. जाणती सुईण होती ती खिंडीपलीकडे, दोन दिवसांच्या वाटेवर. मैना तेवढी तग धरणार नव्हती. हौसानं दात-ओठ खात लेकीला बाजेवर घातलं, खिंडीत नेलं, आणि लांब बांबूनं ढकलून बाज रेंगाळीच्या सावलीत सारली.

"सुईणीला मी आणतो," धाकोजी म्हणाला. पलीकडची वाट त्याच्याइतकी कोणाला ठाऊक नव्हती.

"अहो, जन्मभर उशीर केलात," हौसा म्हणाली. "आज केलात तर पुन्हा तोंड दाखवू नका."

चार दिवस ती धोंड्यावरून हलली नाही. आत मैनेचं एक कण्हणं सकाळी सुरू व्हायचं ते दिवेलागणीला संपायचं. चौथ्या दिवशी धाकोजी सुईणीला घेऊन आला. पाय रक्ताळलेले, वाटेत कुठंही टेकला नव्हता. नवव्या दिवसासाठी म्हणून हौसानं जमवून ठेवलेलं सगळं बोलणं तसंच राहिलं.

बाहेरूनच बांबू अडकवून बाज ओढायला गेले, तर हलेना. ऊब मिळाली तशी रेंगाळीनं बाजेच्या चारही खुरांना विळखे घातले होते. धाकोजी तोच कोयता घेऊन आत शिरला. तो वाकला, त्यात दिवस गेला. पहिला विळखा तुटायला दुसरा. चौथ्या दिवशी त्याचे गुडघे हळूहळू दुमडायला लागले. नेहमीची जागा होती ती.

"धाकोजी!" हौसा किंचाळली. "बसलास तर बघ मेल्या! ऊठ!"

नवऱ्याचं नाव तोंडानं घेणारी सांजवड्यातली ती पहिली बाई. मग ती थांबलीच नाही. तिचा घसा बसला तेव्हा शेजारणींनी बोलणं पुढं चालवलं, आणि आवाज फुटला तशी तिनं परत सुरुवात केली. सुईण झाडाखाली बसून कंटाळली. नवव्या दिवशी धाकोजी बाज ओढत बाहेर आला. "कानात गांधीलमाशी शिरली गं," तो म्हणाला, "बसवेचना."

सुईणीनं मूल फिरवलं. मुलगी झाली. दोघी जगल्या.

हौसानं कोयता उचलला, रेंगाळीकडे पाहिलं आणि खाली ठेवला. पुन्हा कोणावर अशी वेळ आली तर? ती म्हणाली, "राहू दे हिला. पण इथं बोलणारी बाईही राहील." ती होती तोवर धाकोजी त्या सावलीत कधी बसला नाही.

पुढे हौसा म्हातारी होऊन गेली. तिला पोचवून धाकोजी खिंडीत आला आणि सरळ आत जाऊन बसला. धोंड्यावरच्या बाईनं घसा फोडला, पण तो उठला नाही. याला दोनशे वर्षं झाली म्हणतात. त्याच्या लेखी हौसाला जाऊन जेमतेम तीन दिवस झालेत.

आजही नीट पाहिलं तर जाळीत पाठमोरा माणूस दिसतो. सकाळी धोंड्यावर चढणारी बाई वाटसरूंच्या आधी त्यालाच बोलते. कपाळाला हात लावते, पदर खोचते आणि ओरडते, "धाकोजी, पुरे झालं आता! ऊठ, घरी जेवण निवतंय."