वाया गेलेलं मिनिट

“...आणि एकोणीस प्रश्नांत एकाचंही खरं उत्तर मिळू नये, चाचा?”

हेमांगी सबनीसने लॅपटॉप जरा आपटूनच टेबलावर ठेवला. परक्यांच्या घरांत शिरून माहितीपट काढण्यात तिचा हात धरणारं कोणी नव्हतं, आणि हे तिला स्वतःलाही चांगलंच ठाऊक होतं. या खेपेला कॅमेरा स्वतःच्या आईवडिलांसमोर लावला आणि गाडं अडलं.

दोघं एकाच घरात राहून नऊ वर्षं एकमेकांशी बोलत नव्हते. त्यांच्यात काही उरलंय की नाही, एवढंच तिला जाणून घ्यायचं होतं. फिल्मसाठी म्हणे. खरं तर स्वतःसाठीच.

मिरजेचे दस्तगीरचाचा जुने ध्वनिमुद्रक. ऐकायचं कसं, हे तिला त्यांनीच शिकवलेलं. त्यांनी डोळे मिटून सगळी उत्तरं ऐकली. आई म्हणत होती, सगळं छान आहे. शेजारी बसलेले बाबाही तेच म्हणत होते.

“प्रश्न संपल्यावर काय केलंस?”

“तुम्ही शिकवलंत तेच. कुणी हलायचं नाही, बोलायचं नाही, आणि संकलनात जोडायला एक मिनिट खोलीचा नुसता आवाज घ्यायचा. दोनदा घ्यावा लागला. पहिल्यांदा बाबांची खुर्ची करकरली. मिनिट संपल्यावर चांगलंच झापलं मी त्यांना.”

“ते वाया गेलेलं लाव.”

“त्यात काय आहे, चाचा...”

चाचांनी लॅपटॉप तिच्याकडे सरकवला.

तिने नाइलाजाने लावलं. त्या मिनिटात ती घड्याळाकडे बघत होती. कॅमेरा आपला चालूच राहिला होता.

खिडकीतून दुपारचं ऊन थेट आईच्या डोळ्यांवर येत होतं. हलायचं नाही अशी लेकीची ताकीद, म्हणून ती बिचारी डोळे बारीक करून तशीच बसलेली. मग खुर्ची करकरली. बाबांनी हात उचलला आणि आईच्या डोळ्यांवर सावली धरली.

शहात्तर वर्षांचा हात. पण मिनिट संपेपर्यंत खाली आला नाही.

आईने बाबांकडे पाहिलं नाही. तिने निवांत डोळे मिटले.

...

“आहे, चाचा,” हेमांगी म्हणाली. “सगळं आहे.”

तिला हसू आवरेना आणि रडूही. तिने टेबलावर अशी थाप मारली की कपातला चहा सांडला. दोन वर्षं जे शोधत होती, ते तिने स्वतःच टिपून ठेवलं होतं. लहानपणी शर्यत जिंकून घरी पळत सुटायची, तसं तिला आत्ता पळत सुटावंसं वाटत होतं.

“सकाळच्या गाडीनेच घरी जाते. दोघांना समोर बसवते, हे दाखवते, कॅमेरा लावते आणि विचारते...”

चाचांनी सांडलेला चहा फडक्याने पुसला.

“विचारलंस,” ते म्हणाले, “की हात खाली येईल.”